मदत हवी आहे: रस्त्यात घर गेलं, भरपाई कशी वाढवून मागायची?

नमस्कार मंडळी. बेळगाव तालुक्यातल्या आमच्या गावात रस्ता रुंदीकरणात थोरल्या काकांचं राहतं घर जातंय. भूसंपादन २०१३ च्या कायद्याखाली आहे. निवाडा (भरपाई ठरवणारा आदेश) हातात आलाय, तोही कन्नडमधून. शेजारच्या पोराकडून वाचून घेतला.

जागेच्या दराबद्दल फार तक्रार नाही. खटकतंय ते बांधकाम. दगडी जोतं, सागवानी तुळया, मंगळुरी कौलं, वर माडी. या सगळ्यावर 'जुनं घर' म्हणून भरमसाट घसारा (जुनेपणाची वजावट) लावलाय. परसातली बांधीव विहीर आणि गोठा तर यादीतच नाही! मोजणीला आलेले लोक परसात गेलेच नव्हते, असं काकू म्हणतात.

कायद्यात जमीन आणि बांधकाम धरून ठरलेल्या भरपाईवर आणखी १०० टक्के दिलासा रक्कम आहे, ती धरलेली दिसते. पण ती मूळ आकड्यावरच निघते, म्हणजे मूल्यांकन कमी तर पुढचं सगळंच कमी. रक्कम निषेध नोंदवून घेतली तरच कलम ६४ खाली वाढीव मागता येते आणि निवाड्याच्या वेळी हजर असल्यास मुदत ६ आठवड्यांची, एवढं वाचलंय. काका हजर होते, तेव्हा घाई आहे.

कुणी नोंदणीकृत मूल्यांकनकाराचा अहवाल जोडून घसारा कमी करून घेतलाय का? विहिरीसाठी वेगळा अर्ज करावा की त्याच अर्जात घालावं? घराची नोंद पंचायतीच्या ई-स्वत्तूत (मालमत्तेच्या ऑनलाइन नोंदवहीत) अजून आजोबांच्या नावावर आहे, वारसा आधी लावावा लागेल का? आणि बेळगावात मराठीतून समजावून सांगणारा, भूसंपादनाची कामं केलेला वकील माहीत असेल तर मेसेज करा.