डॉक्युमेंटरीत "काका, परत एकदा करा ना" म्हणावं का?

तापीकाठ:
रावेरकडे केळीवर डॉक्युमेंटरी करतोय, दुसरं वर्ष चालूये. जूनच्या वादळात एका काकांची कापणीला आलेली बाग रात्रीतून आडवी झाली. सकाळी गेलो तर काका मातीत पडलेला एक घड उचलून मोडक्या खोडाला टेकवून ठेवत होते, उपयोग नाही हे त्यांनाही माहीत तरी ठेवत होते, आणि माझ्या कॅमेऱ्याचं कार्ड नेमकं तेव्हाच भरलं. बदलेपर्यंत ते बांधावर जाऊन बसले. मित्र म्हणे, सांग ना परत करायला. मी नाही सांगितलं. दुःखाचा रिटेक मागायचा नसतो असं माझं ठाम मत आहे. फिल्ममध्ये तिथे नुसता पडलेला घड ठेवलाय आणि काय हुकलं ते माझ्याच आवाजात सांगितलंय. मोकळं बोला.

शिरपूरकर:
माले पटनं नही भाऊ. कॅमेरा कुठे लावायचा, काय कापायचं हे सगळं तूच ठरवतोस, मग हात लागलाच की. १९२२ च्या 'नानूक ऑफ द नॉर्थ' या इनुइट (एस्किमो) लोकांवरच्या डॉक्युमेंटरीत दिग्दर्शक फ्लाहर्टीने इग्लू, म्हणजे बर्फाचं घर, अर्धाच बांधून घेतला, आत उजेड नव्हता म्हणून. लोकांकडे बंदुका आलेल्या तरी भाल्याने शिकार करायला लावली. शंभर वर्षं झाली, अजून बघतात लोक. आणि काकांनी तर ते खरंच केलं होतं. पुण्या-मुंबईच्या माणसाला नुकसानीचा आकडा कळत नाही, तो हात कळला असता.

तापीकाठ:
पण इग्लू अर्धा आहे हे बघणाऱ्याला कुठे सांगितलं होतं? माझा आक्षेप तिथेच आहे. घड कसा उतरवतात हे काकांनी मला तीनदा करून दाखवलंय, मीच सांगितलं होतं, ते काम आहे, त्यात काही वाटत नाही. ती सकाळ म्हणजे काम नव्हतं. आनंद पटवर्धनांनी 'जय भीम कॉम्रेड' या डॉक्युमेंटरीसाठी १४ वर्षं शूट केलं. हुकलं तर थांबायचं, परत जायचं, हाच रस्ता मला माहितीये.

रावेरची लेक:
आमच्याकडे एकदा वादळानंतर बातमीवाले आले होते, पप्पांना आडव्या बागेतून दोनदा चालायला लावलं, दुसऱ्यांदा म्हणे जरा हळू चाला. पप्पा चालले, दारी आलेल्याला नाही कसं म्हणायचं. नंतर चहा पण दिला त्यांना. ती क्लिप आमच्या घरात कोणी लावत नाही.

शिरपूरकर:
ताई, ते चूकच. पण हा भाऊ वेगळा आहे, दोन वर्षं येतोय-जातोय. मी जबरदस्ती कर म्हणतच नाहीये, विचार तरी म्हणतोय. काकांना कदाचित दाखवायचं असेल जगाला. त्यांच्या वतीने तूच नाही म्हणून मोकळा झालास.

तापीकाठ:
हे लागलं. विचारलं नाही हे खरंय. पण ज्या पोराला घरात बसवून कळण्याची भाकरी खाऊ घातली त्याला काका नाही म्हणतील असं मला वाटत नाही, ताईच्या पप्पांसारखंच, म्हणून तर जीभ रेटली नाही. रविवारी लॅपटॉप घेऊन जातोय, रफ कट, म्हणजे फिल्मची कच्ची जोडणी, आधी त्यांनाच दाखवतो. तो भाग आला की मी काही बोलणार नाही, ते काय म्हणतात ते इथे येऊन लिहितो.