म्हातारा गेला की इस्टेट तिचीच?

श्रीमंत म्हाताऱ्यांसोबत संसार थाटणाऱ्या तरुण पोरींबद्दल ‘म्हातारा गेला की सगळं तिच्याच घशात’ असं इथल्या चर्चेत दोघा-तिघांनी ठासून सांगितलंय, म्हणून थोडी भर. टेक्सासचे तेलसम्राट जे. हॉवर्ड मार्शल आणि मॉडेल ॲना निकोल स्मिथ यांचं लग्न १९९४ साली झालं. ते ८९ वर्षांचे, ती २६ची. पुढच्याच वर्षी ते वारले आणि मृत्युपत्रात तिचं नावच नव्हतं! अर्धी इस्टेट तोंडी कबूल केली होती, असं तिचं म्हणणं. मग मार्शल यांच्या धाकट्या मुलाशी, पियर्सशी, कोर्टबाजी. एका कोर्टाने ४७ कोटी डॉलर मंजूर केले, दुसऱ्याने ते ८.८ कोटींवर आणले, तिसऱ्याने शून्यावर. २००६मध्ये पियर्स गेला, २००७मध्ये ती. खटला मात्र चालूच. २०११मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ५-४ने तिच्या वारसांविरुद्ध निकाल दिला. वकिलांचं भलं झालं असणार, दुसरं काय.

आपल्याकडे लग्नाची बायको असेल आणि मृत्युपत्र नसेल, तर हिंदू वारसा कायद्याने तिला मुलांइतका वाटा मिळतो. पण स्वकष्टार्जित मालमत्ता मृत्युपत्राने कुणालाही देता येते. आणि लग्नच झालेलं नसेल तर या कायद्याने वारसाहक्क नाही. फ्लॅट, दागिने जे हयातीत रीतसर तिच्या नावावर झालं किंवा मृत्युपत्राने दिलं तेवढंच तिचं. तेव्हा ‘हुशार पोरी’ म्हणून टोमणे मारण्याआधी कागद कुणाच्या नावावर आहेत ते विचारा.