झारच्या राज्याभिषेकाची १८९६ची फिल्म: ६० फ्रेम आणि रंग हवेत का?

रिळवाला: फ्रान्सच्या लुमिएर या सिनेमा कंपनीच्या माणसांनी मे १८९६मध्ये मॉस्कोत रशियाचा झार (सम्राट) दुसऱ्या निकोलसच्या राज्याभिषेकाची मिरवणूक टिपली. रीळ १७ मीटरचं, म्हणजे पन्नासेक सेकंद. आता ती रंगवून, सेकंदाला ६० फ्रेम (स्थिर चित्रं) करून फिरते आणि लोक तीच अस्सल समजतात. माझं मत: वेग दुरुस्त करा, बाकी हात लावू नका. कॅमेऱ्याच्या हँडलच्या एका फेऱ्याला ८ फ्रेम, सेकंदाला दोन फेरे, म्हणजे १६. ती सेकंदाला २४ फ्रेमने चालवली की दीडपट पळते, तेवढाच दोष काढायचा.

उजेड: पटत नाही. १६ची फिल्म २४मध्ये बसवताना दर दुसरी फ्रेम दोनदा घालावी लागते, चाल अडखळते. मधल्या फ्रेम संगणकाने भरल्या तर काय बिघडतं? तुरुतुरु चालणारी माणसं बघून पोरं हसतात, सोहळा त्यांना दिसतच नाही.

रिळवाला: मग ४८ हर्ट्झवर, म्हणजे सेकंदाला ४८ वेळा चित्र दाखवणाऱ्या पडद्यावर, प्रत्येक फ्रेम तीनदा दाखवा. मूकपटाच्या प्रोजेक्टरचं तीन पात्यांचं शटर (प्रकाश झाकणारी फिरती चकती) हेच करायचं. संगणकाच्या फ्रेममध्ये बग्गीच्या चाकाचे आरे फिसकटतात. एका फ्रेमनंतर आरा पुढच्या आऱ्याच्या जागी पोचला असेल, तर कोणता कुठे गेला हे फिल्मवर उमटलेलंच नसतं.

मोजपट्टी: १६ सुद्धा डोळे मिटून धरू नका. हाताने फिरवलेला कॅमेरा, वेग कमीजास्त होणारच. सैनिकाच्या दोन पावलांमधल्या फ्रेम मोजा. मिनिटाला ९० पावलं धरली तर १६च्या वेगात दहा-अकरा यायला हव्यात. तेरा-चौदा आल्या तर हँडल जोरात फिरलंय, तो भाग २०च्या आसपास चालवा. पण एकाच माणसावर विसंबू नका, घोड्यांची पावलंही मोजा. रंगाचं दुखणं याहून मोठं: त्या काळची फिल्म मुख्यतः निळा-जांभळा प्रकाशच टिपायची. लाल अंगरखा आणि काळा कोट सारखेच गडद, निळं आकाश पांढरंफटक. संगणक तिथे निव्वळ अंदाज करतो.

उजेड: अंदाज कशाला? झारिनाचा (झारच्या राणीचा) चंदेरी जरीचा पोशाख क्रेमलिनच्या शस्त्रागार संग्रहालयात आहे. त्यावरून हाताने रंग भरा.

मोजपट्टी: तो एक झाला. गर्दीतल्या टोप्यांचं काय?

उजेड: त्या करड्याच ठेवा. आणि मूळ प्रत शेजारी द्या, म्हणजे झालं.

रिळवाला: शेजारी देऊन भागत नाही. क्लिप कापून पुढे गेली की वर्णन मागेच राहतं. ‘रंग व मधल्या फ्रेम नंतर घातलेल्या’ ही पाटी चित्राच्या चौकटीतच, शेवटच्या फ्रेमपर्यंत हवी.