मदत हवी आहे: फ्रान्सच्या सोम जिल्ह्याचे निकाल कसे मांडायचे?

मंडळी, २०२४ च्या फ्रेंच संसद निवडणुकीतल्या सोम जिल्ह्याच्या (आमियाँ शहराकडचा भाग) ५ जागांचा तक्ता एक्सेलमध्ये करतोय. तिथे दोन फेऱ्या असतात, ३० जून आणि ७ जुलै. पहिल्या फेरीतच निम्म्याहून जास्त मतं आणि नोंदणीकृत मतदारांच्या २५ टक्के मिळाली की तिथेच निकाल, मग दुसरी फेरी होतच नाही. त्यामुळे माझे काही रकाने रिकामेच. पहिल्या मतदारसंघात तर डाव्या आघाडीचे फ्रांस्वा र्‍युफाँ पहिल्या फेरीत मागे होते, तिसऱ्या क्रमांकावरच्या मॅक्रॉन गटाच्या उमेदवाराने दुसऱ्या फेरीतून माघार घेतली आणि र्‍युफाँ जिंकले, भारी प्रकार आहे. जिल्ह्याची एकूण टक्केवारी काढताना कुठली फेरी धरू? आणि फ्रेंच फाइलमधला दशांश स्वल्पविराम (१२.५ ऐवजी १२,५) एक्सेलला कसा समजवायचा?