मदत हवी आहे: आई ऑक्सिजनचा खरा आकडा सांगत नाही

आई कोरोना पॉझिटिव्ह आहे, वय ६३, शुगर आहे, डॉक्टरांनी घरीच ठेवा म्हटलंय. वन बीएचके, ती बेडरूममध्ये, मी हॉलमध्ये, माझा रिपोर्ट निगेटिव्ह. आमचं तसंही फारसं पटत नाही, त्यात आता दार बंद, बोलणं सगळं फोनवर आणि प्रत्येक फोनचं भांडण होतंय. रीडिंग विचारलं की कायम "९८", वर "तू काय माझी सासू आहेस का?" काल व्हिडिओ कॉलवर ऑक्सिमीटर दाखवायलाच लावला तर ९४! सहा मिनिटं चालून ऑक्सिजन खाली येतो का ते बघायला साफ नकार. डॉक्टरांपुढे हो हो करते, मावशीने समजावलं तर तिच्याकडेच रडली, म्हणे लेक हॉस्पिटलात टाकायला निघालीय. खरी भीती तीच आहे, कळतंय मला, पण ९४ च्या खाली गेलं तर थांबून कसं चालेल? भाऊ बंगलोरला अडकलाय, आणि नर्स ठेवा सांगू नका, कुणी मिळत नाहीये. ज्याचं रीडिंग थेट माझ्या मोबाईलवर दिसेल असा ब्लूटूथवाला ऑक्सिमीटर कुणी वापरलाय का, आणि तो येईपर्यंत न भांडता तिच्याकडून खरा आकडा कसा काढून घेऊ?