मदत हवी आहे: मांजरीचं वागणं बदललंय (नागपूर)

आमची मनी १२ वर्षांची. कूलरवर उडी मारून बसणारी, आता दिवाणावरच पडून असते. जिना थांबत थांबत उतरते, कंबरेला हात लावला की गुरगुरते, शू ट्रेबाहेर करते. घरचे म्हणतात म्हातारपण. मला सांधेदुखीची शंका आहे. मांजर दुखणं लपवते हो, ओरडत नाही, फक्त सवयी बदलतात.

दवाखान्यात टेबलावर ती भीतीने आखडूनच जाते, मग चाल कशी कळणार? त्या ताणाने मांजरीच्या रक्तातली साखरही वाढते.

धरमपेठ किंवा सेमिनरी हिल्सकडे घरी येऊन तपासणारे, निदान घरचे व्हिडिओ नीट बघणारे डॉक्टर माहीत आहेत का? पशुवैद्यकीय महाविद्यालयात मांजरीला कोणी दाखवलंय का? आणि कृपया पॅरासिटामॉल सुचवू नका, मांजरीला ते विष आहे.