सामावून घेतलेल्यांचे निवृत्तिवेतन आणि २०२५ ची दुरुस्ती
१ ऑक्टोबर २००० पासून दूरसंचार खात्यातून भारत संचार निगम (बीएसएनएल) या सरकारी उपक्रमात सामावून घेतलेल्यांना दोन्हीकडची सेवा जोडून सरकारच निवृत्तिवेतन देते, हे बरोबर आहे. मात्र सरकारी सेवेच्या काळाचा हक्क कोणीही हिरावू शकत नाही, हा त्याला जोडून केला जाणारा दावा आता टिकत नाही. २०२१ च्या केंद्रीय नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियमांतील नियम ३७ मध्ये मे २०२५ मध्ये झालेल्या दुरुस्तीनुसार, अशा कर्मचाऱ्याला उपक्रमात गेल्यानंतरच्या गैरवर्तनासाठी बडतर्फ केले किंवा सेवेतून काढून टाकले, तर आधीच्या सरकारी सेवेचे निवृत्तिलाभही जप्त होतात. त्या निर्णयाचे पुनर्विलोकन उपक्रमाशी संबंधित मंत्रालयाने करायचे, असे एक संरक्षण नियमात आहे. निष्कलंकपणे केलेल्या सरकारी सेवेची कमाई नंतरच्या चौकशीवर अवलंबून ठेवणे मला अन्यायाचे वाटते.